विमान लागले

थकलेल्या माणसाने आकाशात असू नये, याबद्दल कुठेही दुमत नाही. जमिनीवर माणसाने किती थकावे हे मात्र अजून कोणी ठरवलेले नाही, आणि ठरवायची कोणाला घाईही नाही. जमिनीवरचा थकलेला माणूस पडला तरी फार उंचावरून पडत नाही, हे त्याचे कारण असावे.

विंझरच्या वरच्या माळावर आमची तोरणा-छाया उड्डाण प्रशिक्षण संस्था आहे. संस्थेत एक धावपट्टी, दोन विमाने (एक उडते, दुसरे सुट्या भागाची वाट पाहते), दोन प्रशिक्षक, सहा विद्यार्थी आणि एक नोंदवही आहे. यांपैकी नोंदवही माझ्याकडे असते. म्हणजे संस्था माझ्याकडे असते असे म्हटले तरी चालेल, पण तसे मी म्हणत नाही.

संस्थेचा पहिला नियम असा की, प्रशिक्षकाने एका दिवसात आठ तासांपेक्षा जास्त ड्युटी करायची नाही. नियम चांगला आहे. शिकाऊ माणसाच्या हातात विमान द्यायचे आणि त्याच्या शेजारी पेंगणारा माणूस बसवायचा, हे कोणालाही पटणार नाही. नियम पाळला जातो का हे पाहायला कोणीतरी हवे, म्हणून गेल्या ऑक्टोबरात जाहिरात निघाली. मी भोरला एस.टी.त तेहतीस वर्षे होतो. पहिली पंधरा कंडक्टर, पुढची अठरा कंट्रोलर. निवृत्त होऊन घरी बसलो होतो. घरी दुसरे कोणी नसल्याने बसायला जागा भरपूर होती, पण बसणे जमत नव्हते.

मुलाखत संचालक साहेबांनी घेतली.

"ड्युट्या लावायचा अनुभव?"

"तेहतीस वर्षांचा. डायवर, कंडक्टर, दोन्ही."

"विमानातलं काही कळतं?"

"फलाट किती हायेत?"

"धावपट्टी एकच आहे."

"मग जमंल," मी म्हणालो. त्यांनी घंटा वाजवून पुढच्या उमेदवाराला घरी पाठवले.

आता वैष्णवीबद्दल सांगितले पाहिजे, कारण पुढचे सगळे तिच्यावर आले. वैष्णवी ढेबे, वय एकोणीस. वेल्ह्याच्या वरच्या अंगाला डोंगरात एक वस्ती आहे, तिथल्या गेनबाची मुलगी. गेनबा म्हशी पाळतो आणि रोज सकाळी दूध घेऊन विंझरला उतरतो. संस्थेत एक मोफत जागा तालुक्यातल्या मुलीसाठी असते, ती वैष्णवीला मिळाली. अट एकच होती. एकतीस मार्चच्या आत तिने एकटीने विमान वर न्यायचे, एक फेरी मारायची आणि खाली आणायचे. याला एकल उड्डाण म्हणतात. तारीख चुकली तर जागा गेली.

गेनबा रोज दुधाची किटली ठेवून मला एकच प्रश्न विचारी.

"कंट्रोलर, पोरगी उडली का?"

"आजून न्हाई."

"बरं," असे म्हणून तो जाई. ऑक्टोबर ते मार्च यात फरक पडला नाही.

उशीर वैष्णवीमुळे झाला नाही. ती डिसेंबरातच तयार होती असे आमचे प्रशिक्षक कॅप्टन चिमाजी सांगत. उशीर आठ तासांमुळे झाला. आठ तास म्हणजे किती, हे ठरवायला बराच वेळ गेला.

एस.टी.त ड्युटी सही केल्यापासून सुरू होते. इथे मुख्य कार्यालयाचे पहिले परिपत्रक आले की, प्रशिक्षक घरातून निघाला की ड्युटी सुरू. दोन प्रशिक्षकांपैकी शेफाली मॅडम पुण्यात राहत. रविवारी पानशेतच्या रस्त्याला भाजलेली कणसे आणि कांदाभजी खाण्यासाठी पुण्याची निम्मी वस्ती गाड्या घेऊन येते, हे मुख्य कार्यालयाला माहीत नसावे. मॅडम माळावर पोचत तेव्हा त्यांची तीन तास दहा मिनिटे ड्युटी झालेली असे आणि त्यांनी अजून विमान पाहिलेलेही नसे. शेवटी त्यांनी विंझरमध्ये फुलाबाईंच्या घरी एक खोली घेतली. तिथून माळ अकरा मिनिटांवर आहे. प्रश्न सुटला असे आम्हाला वाटले.

दुसरे परिपत्रक आले की, उड्डाणविषयक ज्ञान कोणालाही, कुठेही, कोणत्याही स्वरूपात दिले तरी ती ड्युटी होय. मॅडम सकाळी अंगणात दात घासत होत्या. फुलाबाई गोठ्यातून येता येता म्हणाल्या, "का गं बाय, वर गेल्याव कानाला दडं बसत्यात व्हय?"

"हो. जांभई दिली की सुटतात," मॅडम म्हणाल्या, आणि करून दाखवली.

सहा वाजून चाळीस मिनिटांनी ड्युटी सुरू, अशी नोंद मला करावी लागली. (जांभई ज्ञानात धरायची की थकव्यात, हा प्रश्न मी कार्यालयाला विचारला होता. उत्तर आले की दोन्हीत धरावी.)

कॅप्टन चिमाजींचे याहून अवघड होते. हे मूळचे इकडचेच, पंचवीस वर्षे बाहेर विमाने चालवून परत आलेले. यांना शिकवल्याशिवाय राहवत नाही. वेल्ह्याच्या बाजारात चहाला गेले तर बशी वाकडी धरून आडवा वारा कसा असतो ते दाखवतात. एस.टी.च्या डायवरला ते घाटातले वळण कसे घ्यावे हे विमानाच्या भाषेत सांगतात. एकदा न्हाव्याच्या खुर्चीत त्यांची एक तास पाच मिनिटे ड्युटी झाली. त्यातला निम्मा वेळ न्हावी वस्तरा हातात धरून ऐकत होता, म्हणजे ड्युटी धोक्याचीही होती.

"कंट्रोलर, तू म्हंजे माझ्या तोंडाला मीटर लावलाय," ते मला म्हणाले.

"तोंड तुमचं, मीटर हापिसाचा."

"आन म्या झोपेत बोललो तर?"

झोपेचे मी विचारून ठेवले आहे.

तिसऱ्या परिपत्रकाने शिस्त पूर्ण झाली. प्रशिक्षक थकला आहे का हे वेळोवेळी कळावे म्हणून नवीन पद्धत आली. जानेवारीच्या मध्यापासून आठ तासांचा हिशोब असा बसला:

उड्डाणापूर्वी सूचना: चाळीस मिनिटे.
दर अर्ध्या तासाला "मी थकलेलो नाही" अशी सही, एकूण सोळा सह्या, प्रत्येकी सहा मिनिटे: एक तास छत्तीस मिनिटे.
थकव्याचे स्वयंघोषणापत्र, सकाळ व दुपार: एक तास.
स्वयंघोषणापत्र भरल्यामुळे थकवा आला नाही याचे पूरक घोषणापत्र: चव्वेचाळीस मिनिटे.
"आज ड्युटी किती उरली" या विषयावर मुख्य कार्यालयाशी फोन: एक तास पंचेचाळीस मिनिटे.
धावपट्टीवरून म्हशी हलवणे: दीड तास.
चहा: पंचवीस मिनिटे. (चहाच्या वेळी कोणी विमानाबद्दल काही विचारले नाही तर ती ड्युटी नव्हे. असे अजून घडलेले नाही.)

उरलेली वीस मिनिटे उड्डाणासाठी राखीव. एका पाठाला पंचेचाळीस लागतात.

म्हणून ज्या दिवशी म्हशी येत नसत, त्या दिवशी विमान उडे. विंझरच्या म्हशींना माळावरचे गवत आवडते, तेव्हा असे दिवस थोडे आले. फेब्रुवारीच्या उत्तरार्धात विमान एकदाही हलले नाही आणि त्या पंधरवड्यात संस्थेची सुरक्षितता शंभर टक्के नोंदली गेली. त्याबद्दल संस्थेला सन्मानचिन्ह मिळाले. ते घ्यायला दोन्ही प्रशिक्षक पुण्याला गेले, त्यामुळे तोही दिवस सुरक्षित गेला.

तरीही मार्चच्या विसाव्या तारखेपर्यंत वैष्णवीचे एकतीस पाठ पुरे झाले. कॅप्टननी सांगितले की आता शेवटची एक तपासणी, मग पोरगी एकटी सोडतो. अकरा दिवस हातात होते. इथे माझ्या हातून चूक झाली. खरे म्हणजे ती ऑक्टोबरपासून होत होती, पण नोंदवहीची नक्कल दर पंधरवड्याला पुण्याला मुख्य कार्यालयात जाते आणि तोपर्यंत कोणी ती वाचलेली नव्हती. मार्चअखेर आला म्हणून वाचली गेली.

एस.टी.त गाडी येऊन फलाटावर उभी राहिली की "गाडी लागली" असे म्हणतात. मी आयुष्यात दुसरे काही म्हटलेले नाही. इथे विमान विद्यार्थ्यासाठी तयार होऊन उभे राहिले की मी कर्ण्यावरून पुकारत असे, "विंझर-आकाश-विंझर, विमान लागलेले आहे, वैष्णवी ढेबे यांनी त्वरित विमानात बसावे." आणि नोंदवहीत लिहीत असे: "वैष्णवी ढेबे. विमान लागले, ०७.१०."

चोवीस मार्चला पत्र आले.

"उपरोक्त विषयास अनुसरून कळविण्यात येते की, आपल्या नोंदवहीनुसार ऑक्टोबरपासून आजतागायत एकूण २१२ वेळा विमान लागल्याचे निदर्शनास आले आहे. पैकी कु. वैष्णवी ढेबे यांना ३१ वेळा. दोन्ही प्रशिक्षकांनाही प्रत्येकी चार वेळा विमान लागले असून ही बाब गंभीर आहे. तसेच नऊ ठिकाणी ‘रिकामे विमान लागले’ अशी नोंद आहे. विमान रिकामे असताना ते कोणाला लागले, याचा खुलासा तीन दिवसांत सादर करावा. कु. ढेबे यांना एकल उड्डाण करावयाचे असल्याने पुढील आदेशापर्यंत विमानात बसवू नये. इतर विद्यार्थ्यांना खिडकीशेजारी बसवावे."

(आमच्या विमानात दोनच माणसे बसतात. दोघांनाही खिडकी आहे.)

पत्रासोबत आवळासुपारीचा एक डबा आणि कागदी पिशव्यांचा गठ्ठा होता.

मी त्याच दिवशी खुलासा पाठवला. गाडी लागणे म्हणजे ओकारी येणे नव्हे, तर गाडी उभी असणे, असे साध्या शब्दांत लिहिले. दुसऱ्या दिवशी उत्तर आले: "आपल्या म्हणण्यानुसार गाडी उभी असते तेव्हा ती लागते. तथापि या कार्यालयातील सर्व कर्मचाऱ्यांचा अनुभव असा की, गाडी चालू असतानाच लागते, व उभी केल्यावर बरे वाटते. सबब खुलासा अमान्य."

यात चूक काढता येत नव्हती. मलाही घाटात तसेच होते.

वैष्णवी माझ्या टेबलापाशी येऊन उभी राहिली. "काका, मला आजपातूर एकदाबी मळमळलं न्हाई."

"म्हाईत हाय मला."

"मंग तुमी तसं लिवा की."

"मी लिहिलेलंच तर नडलंय, बाळ."

तिने नोंदवही स्वतःकडे वळवली. स्वतःच्या नावापुढे एकतीस वेळा तेच लिहिलेले तिने मोजले. मग म्हणाली, "आबा म्हणत्यात, कंट्रोलरचं अक्षर लई ग्वाड हाय." आणि गेली. त्याहून तिने मला चार शब्द सुनावले असते तर बरे वाटले असते.

फोनाफोनी करून कार्यालय एका गोष्टीला तयार झाले. प्रत्येक नोंदीसाठी त्या वेळच्या प्रशिक्षकाने वेगळे दुरुस्तीपत्र भरायचे. एकाला चाळीस मिनिटे. ते भरणे ही अर्थातच ड्युटी. सगळ्या २१२ नोंदी दुरुस्त करायला एका प्रशिक्षकाला सतरा दिवस, पाच तास आणि वीस मिनिटे लागली असती, म्हणून फक्त वैष्णवीच्या एकतीस घेतल्या. त्यांत शेफाली मॅडमच्या बारा आणि कॅप्टनच्या एकोणीस. मॅडमनी सत्तावीस तारखेला सकाळी बसून बारा पत्रे बरोबर आठ तासांत संपवली आणि पेन टेबलावर ठेवून म्हणाल्या, "पायलट व्हायचं ठरवलं तेव्हा आई म्हणाली होती, बँकेत जा, बसून काम असतं." कॅप्टनना दीड दिवस लागला. सह्या अर्ध्या तासाला चालूच होत्या. शेवटच्या सहीत त्यांच्या नावातला ‘जी’ राहून गेला आहे, पण मी ते पुढे कळवले नाही.

एकोणतीसला पुण्याहून डॉक्टर आले. त्यांना स्वतःला पाबे घाटात गाडी लागल्याने तपासणी तासभर उशिरा सुरू झाली. आवळासुपारी उपयोगी पडली. त्यांनी वैष्णवीला विचारले, "घाटात एस.टी.त उलटी होते का?"

"न्हाई."

"चक्कर?"

"न्हाई. डायवर नवा आसला तर भ्या वाटतं."

डॉक्टरांनी "योग्य" असे लिहून दिले. तीस तारखेला सुदैवाने म्हशी आल्या नाहीत, तपासणीचा पाठ झाला, कॅप्टन खाली उतरले आणि काही न बोलता चहाला गेले. ज्या दिवशी चिमाजी न बोलता चहाला जातात, त्या दिवशी विद्यार्थी पास असतो.

राहिला एकतीस मार्च.

एकल उड्डाणाला नियम असा की, विद्यार्थी वर असताना खाली एक प्रशिक्षक ड्युटीवर हवा आणि त्याने पाहत राहायला हवे. मार्चअखेरचे सगळे तक्ते त्याच दिवशी द्यायचे होते. शेफाली मॅडमची ड्युटी त्यांच्या आठ तासांना, तीन वाजून पाच मिनिटांनी संपली आणि त्या खोलीवर गेल्या. ड्युटी संपल्यावर विमानाकडे पाहणे म्हणजे निरीक्षण, आणि निरीक्षण ही ड्युटी, म्हणून खिडकी लावून घेतली. कॅप्टनची ड्युटी चार वीसला संपणार होती. तक्ते संपवून चार पाचला ते मोकळे झाले. फेरी दहा-अकरा मिनिटांची. विमान लागले होते. (दुसरा शब्द मला अजून सापडलेला नाही.)

गेनबा मुलीला बघायला आला होता, डोक्याला धुतलेला पटका बांधून. चार सहाला म्हशी आल्या. सात होत्या, विंझरच्याच.

"सरका, म्या काढतो," गेनबा म्हणाला आणि धावपट्टीवर गेला. तो डोंगरातला माणूस. त्याने त्याच्या म्हशींना घालतो तशी हाळी घातली. ती हाळी म्हशींना हाकलायची नव्हती, बोलवायची होती. इतका वेळ कडेला चरणाऱ्या सातही म्हशी ओळीने धावपट्टीच्या मधोमध त्याच्याकडे चालत आल्या आणि त्याला हुंगू लागल्या.

"गेनबा, त्यास्नी घालव की," कॅप्टन ओरडले.

"घालवायची हाळी न्हाई माझ्याकडं. आमच्या म्हशी कुटं जात न्हाईत."

शेवटी तो पुढे चालू लागला आणि म्हशी त्याच्या मागे. चालत चालत तो त्यांना माळाच्या पार खालच्या अंगाला घेऊन गेला. पट्टी मोकळी झाली तेव्हा चार अठरा झाले होते. वैष्णवी पट्टीच्या दुसऱ्या टोकाला विमानात बसून होती, इंजिन चालू.

"कंट्रोलर," कॅप्टन म्हणाले, "घड्याळ थांबव."

"ते माझ्या बापाचं न्हाई."

"पोरीची जागा आज जातीय."

"दोन मिन्टं हायेत तुमची. काय सूचना द्यायच्या त्या द्या."

"तिला काय सांगायचं राहिलंय आता," ते म्हणाले, आणि ती दोन मिनिटे ते गप्प उभे राहिले. त्यांच्या आयुष्यातली ही सर्वांत लांब गप्प ड्युटी. नोंदवहीत आहे.

चार वीस झाले. शेडला रुळाचा एक तुकडा टांगलेला आहे, त्याचा टोला इंजिन चालू असले तरी पट्टीभर ऐकू जातो. प्रशिक्षकाची ड्युटी संपली की त्यावर एक टोला द्यायचा, असे नियमपुस्तकात लिहिले आहे. मी दोन दिले.

वैष्णवी पाचवीपासून वस्तीवरून उतरून एस.टी.ने शाळेत जाणारी मुलगी. एक बेल म्हणजे थांबा. दोन म्हणजे चला. तिने दोन ऐकल्या आणि ती निघाली.

पंधरा वर्षे हा हात दोरी ओढत होता, एकावर थांबायची त्याला सवय नाही, असे मी खुलाशात लिहिले आहे. खुलासा विचाराधीन आहे.

"चिमाजीराव, तुमची ड्युटी संपली. वर बघायचं न्हाई," मी म्हणालो.

कॅप्टननी शेडच्या पत्र्याकडे तोंड केले. "न्हाई बघत. पर कान कसा मिटू?" इंजिनाचा आवाज लांब गेला, वळला, बारीक झाला. "डावीकडं वळली. आता विंझरवर आसंल. लई उंच न्हाई, बरुबर हाय."

"हे ज्ञान देणं झालं."

"तुला कोण देतंय? म्या पत्र्याला सांगतोय."

मग आवाज परत मोठा झाला. कॅप्टन पत्र्याकडेच पाहत होते. "टेकली," ते म्हणाले. "उसळली. परत टेकली. बसली."

मी घड्याळाकडे पाहत होतो. वेळ लिहिणाऱ्याने घड्याळाकडेच पाहायचे असते. उड्डाण ४.२०, उतरणे ४.३१.

गेनबा माळाच्या खालून धापा टाकत आला. "उडली का?"

"तुमी बघितलं न्हाई?"

"म्या खाली तोंड करून म्हशी धरल्या व्हत्या. इमानाला बुजल्या आस्त्या."

मी पट्टीकडे बोट केले. वैष्णवी विमानातून उतरून आमच्याकडे चालत येत होती. ती हसत होती, पण प्रशिक्षकाची सही नसल्याने नोंदवहीप्रमाणे अजून काही झालेले नव्हते.

तीन एप्रिलला कार्यालयाचे पत्र आले. एकतीस मार्च रोजी ४.२० ते ४.३१ या काळात एकही प्रशिक्षक ड्युटीवर नसल्याने सदर उड्डाण कोणी पाहिले असे मानता येत नाही. जे कोणी पाहिले नाही ते झाले असेही मानता येत नाही. तथापि सहानुभूतीने विचार करून दोन साक्षीदार चालतील. साक्षीदार विद्यार्थिनीचा नातेवाईक नसावा. त्या वेळी त्याची कोणती तरी ड्युटी चालू असावी, म्हणजे तो जबाबदार अवस्थेत होता असे धरता येईल. आणि त्या ड्युटीचे आठ तास भरलेले नसावेत, कारण थकलेल्या माणसाच्या डोळ्यांवर विश्वास ठेवता येत नाही. साक्षीदार मिळेपर्यंत जागा राखून ठेवण्यात येत आहे. न मिळाल्यास रद्द.

मी नोंदवही घेऊन विंझरमध्ये गेलो. साक्षीदारांना तोटा नव्हता. देवळापुढच्या पारावर त्या दुपारी सतरा पुरुष बसलेले होते आणि सतराही जणांनी विमान पहिल्यापासून शेवटपर्यंत पाहिले होते. पण ड्युटी चालू असायला हवी होती, आणि त्यांच्यापैकी एकाचीही त्या दिवशी सुरू झालेली नव्हती.

फुलाबाई माळवदावर कुरडया वाळत घालत होत्या. त्यांनीही पाहिले होते. "डोक्यावरनं गेली की. म्या हात केला. तिनं पंख हालिवला."

"तुमची ड्युटी कधी सुरू झाली त्या दिवशी?"

"कसली ड्युटी?"

"उठला किती वाजता?"

"रोजच्यागत. साडेचारला."

साडेचार ते चार वीस, अकरा तास पन्नास मिनिटे. मर्यादेच्या बाहेर, साक्ष बाद. शेजारच्या बाळाबाई चारला उठल्या होत्या, बारा तास वीस मिनिटे. त्या म्हणाल्या, "आवं पर डोळ्यानं बघितलं म्या." मी सांगितले की तेच डोळे नियमाने थकलेले आहेत. त्या म्हणाल्या, "मंग ह्या डोळ्यांनी म्या तांदूळ निवडते त्ये चालतंय व्हय?" त्याबद्दल परिपत्रक नाही.

दोन दिवसांत मी एकेचाळीस बायकांच्या नोंदी घेतल्या. एकेचाळीसही जणींनी उड्डाण पाहिले होते. एकही पात्र ठरली नाही. सर्वांत कमी ड्युटी एका नव्या सुनेची निघाली, दहा तास पाच मिनिटे, आणि तिने सासूला कळवू नका असे सांगितले.

संध्याकाळी घरी आलो. नोंदवहीत एक पान शिल्लक होते. त्यावर मी सारजाबाईंचे नाव लिहिले. ही माझी बायको. तिला जाऊन दोन वर्षे झाली. एका दिवसाची नोंद आठवून लिहायला घेतली. ड्युटी सुरू: चार पंधरा. माझा डबा, पहिल्या गाडीसाठी: पाचला तयार. पुढे रकाने पुरेनात, समासात लिहिले. विश्रांती या रकान्यात दुपारी दोन ते अडीच असे लिहिले होते, पण तेव्हा ती शेंगा फोडत असे, म्हणून खोडले. ड्युटी संपल्याची वेळ: चौदा ऑगस्ट, सकाळी सहा वीस. खाली कंट्रोलरची सही लागते. ती मी केली नाही, कारण मी तिथे हजर नव्हतो. सहा पंचवीसची गाडी लावत होतो. हे पान कार्यालयाला पाठवलेले नाही.

दुसऱ्या दिवशी वैष्णवी आली. "काका, मी उडले का न्हाई?"

"पाहिलं तर सगळ्यांनी."

"आबा रोज इचारत्यात. त्यास्नी काय सांगू?"

मी पुन्हा कार्यालयाला फोन लावला. माणूस चांगला होता. म्हणाला, प्रत्यक्ष पाहणारा मिळत नसेल तर संपूर्ण प्रकरण क्रमाने वाचलेला एक साक्षीदारही चालेल. आम्हाला डोळ्यापेक्षा कागद बरा पडतो. वाचन ही ड्युटी धरू. आठ तास भरलेले नसावेत एवढेच.

तेव्हा आता आपले नाव मी लिहिले आहे. आपण वैष्णवीचे नातेवाईक नाही. आपण प्रकरण सुरुवातीपासून इथपर्यंत वाचले आहे. सलग इतका वेळ बसून वाचता आले, म्हणजे आपण थकलेले नाही. (ज्यांनी तव्यावर भाकरी टाकून, मधेच उठत बसत वाचले, त्या बाद. त्यांनी वाईट वाटून घेऊ नये, विंझरच्या एकेचाळीस त्यांच्या सोबत आहेत.)

कार्यालयातून आपल्याला फोन येईल. उड्डाणाबद्दल ते काही विचारणार नाहीत. पडताळणीसाठी एकच प्रश्न आहे: आपण वाचत होता तेवढ्या वेळात आपल्या घरात कोण उभे होते, आणि तो त्यांचा कितवा तास होता. तास बरोबर सांगावा. अंदाजे चालत नाही. सांगता आला नाही तर वैष्णवी उडाली नाही असे धरले जाईल, आणि गेनबाला ते आपण येऊन सांगायचे आहे.